टेक्निकल लिफाफ्यातच अपात्र ठरवलं तर हायकोर्टात जाऊन उपयोग होतो का?

तुम्ही लिहिलंय की सांगली जिल्ह्यातल्या एका नगरपरिषदेच्या पाइपलाइनच्या निविदेत तुमचं टेक्निकल बिड, म्हणजे पात्रतेच्या कागदांचा पहिला लिफाफा, बाद झालं. कारण दिलंय, अनुभवाच्या दाखल्यावर जावक क्रमांक नाही. पण जो पात्र ठरला त्याच्याही एका दाखल्यावर तो नाही, आणि फायनान्शियल, म्हणजे दरांचा, लिफाफा अजून उघडलेला नाही. उपयोग होऊ शकतो, पण गेलात तर याच आठवड्यात जा.

मी वकील नाही, रस्ते आणि मोऱ्यांची सरकारी कामं घेणारा ठेकेदार आहे. माझी एक निविदा अशीच बाद झाली होती. मी महिनाभर ऑफिसात खेटे घातले, कारण 'बघतो, काहीतरी करू' असं उत्तर मिळत होतं. याचिका सुनावणीला आली तोवर कार्यादेश (वर्क ऑर्डर) निघून साइटवर खडी पडली होती. खंडपीठाने पहिलाच प्रश्न विचारला, काम सुरू झालंय का? तिथेच संपलं. माझं म्हणणं खरं की खोटं यावर निकालात एक ओळ नव्हती, आणि ते मला अजून लागतं.

हे माझ्याच नशिबी आलं असंही नाही. सांताक्रूझ विमानतळावरच्या उपाहारगृहाचा 1979 चा सुप्रीम कोर्टाचा निकाल वकिलांकडून समजून घ्या. अट होती की निविदा भरणारा किमान 5 वर्षं अनुभव असलेला नोंदणीकृत द्वितीय श्रेणीचा हॉटेलचालक हवा. काम मिळालं कॅन्टीन चालवणाऱ्याला. कोर्टाने स्पष्ट सांगितलं की सरकारी संस्थेने स्वतः घातलेली अट तिच्यावरही बंधनकारक आहे. आजही निविदेच्या याचिकांमध्ये हा निकाल दाखवतात. पण याचिका करणाऱ्याच्या हाती काहीच लागलं नाही. त्याने स्वतः निविदा भरली नव्हती, तो पाच महिन्यांहून जास्त उशिरा आला आणि तोवर काम मिळालेला पैसे घालून बसला होता. तत्त्व मान्य झालं, दिलासा मिळाला नाही.

आता कोर्ट काय तपासतं ते. तुमचा दर कमी होता, तुम्ही चांगलं काम करता, याला तिथे फार किंमत नाही. सुप्रीम कोर्टाच्या 2007 च्या जगदीश मंडल प्रकरणापासून दोन प्रश्न ठरलेले आहेत: निर्णय मनमानी, दुष्ट हेतूचा किंवा कुणाला झुकतं माप देणारा आहे का, आणि जनहिताला बाधा येते का. अटीचा अर्थ काय, यावर भांडायला गेलात तर बहुतेक हराल. नागपूर मेट्रोच्या निविदेत चीनमधल्या इंटरसिटी रेल्वेचा अनुभव मेट्रोचा अनुभव धरायचा का, असा वाद होता. नागपूर खंडपीठाने बाद झालेल्या कंपनीच्या बाजूने कौल दिला, पण 2016 मध्ये सुप्रीम कोर्टाने तो फिरवला. निविदा ज्याने लिहिली त्यालाच तिचा अर्थ जास्त कळतो, असं म्हणाले.

म्हणून 'जावक क्रमांक क्षुल्लक आहे' हा मुद्दा पुढे करू नका. तुमचा खरा मुद्दा एकच आहे: एकाच चुकीला मला बाद केलं, त्याला सोडलं. 2024 मध्ये भारत कोकिंग कोल या सरकारी कोळसा कंपनीच्या एका निविदेत नेमकं हेच होतं. एकाला मुखत्यारपत्राच्या कारणावरून बाद केलं आणि ज्याची आवश्यक कागदपत्रं अपुरी होती त्याला पात्र ठरवलं. सुप्रीम कोर्टाने दिलेलं काम रद्द केलं. किरकोळ अट शिथिल करण्याचा अधिकार ऑफिसला असतो, पण शिथिल केली तर ती सगळ्यांसाठी.

आजच लेखी आक्षेप द्या, आवक शिक्का घ्या, ई-मेलही करा. त्यात कारण लेखी मागा. सुप्रीम कोर्टाच्या 1978 च्या मोहिंदर सिंग गिल निकालानुसार आदेशात जे कारण लिहिलंय त्यावरच आदेश टिकला पाहिजे, नंतर प्रतिज्ञापत्रात नवी कारणं जोडता येत नाहीत. उत्तराची वाट मात्र दोन-तीन दिवसांपलीकडे बघू नका. याचिकेत त्या पात्र ठेकेदारालाही प्रतिवादी करा, नाहीतर तेवढ्यावरूनच अडकेल. अंतरिम मागणीत फायनान्शियल लिफाफा आणि कार्यादेश थांबवण्याचं स्पष्ट लिहा. 2022 पासून सुप्रीम कोर्टाने पायाभूत कामांना स्थगिती देताना हात आखडता घ्यायला सांगितलंय, आणि पाणीपुरवठा म्हटलं की हा मुद्दा लगेच पुढे येणार. काम सुरू व्हायच्या आधी पोहोचणं म्हणूनच इतकं महत्त्वाचं आहे. ऑगस्ट 2025 पासून तुमच्यासाठी मुंबई हायकोर्टाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, मुंबईला धावायची गरज नाही.

आणि हे वाचून झालं की आधी पोर्टल उघडा. त्या ठेकेदाराचा बिनजावकाचा दाखला दिसत असेल तर आत्ताच डाउनलोड करा, तारीख-वेळ दिसेल असा स्क्रीनशॉट घ्या. तुमची सगळी केस त्या एका पानावर उभी आहे.