वाचकांचे प्रश्न : ब्रूस लीची पडद्यावरील बहीण

प्रश्न : ‘एंटर द ड्रॅगन’मध्ये ब्रूस लीच्या बहिणीची भूमिका कोणी केली होती? पुढे त्या कुठे गेल्या?

उत्तर : त्या अँजेला माओ. तैवानमध्ये जन्मलेल्या अँजेला यांनी लहानपणापासून पेकिंग ऑपेराचे, म्हणजे गायन, अभिनय आणि कसरती यांचा मेळ असलेल्या पारंपरिक चिनी नाट्यप्रकाराचे, कसून शिक्षण घेतले होते आणि त्या तालमीतून अंगी बाणलेली चपळाई हाँगकाँगच्या गोल्डन हार्वेस्ट या चित्रपट कंपनीच्या कामी आली. १९७३ च्या या चित्रपटात त्या जेमतेम काही मिनिटे दिसतात. पाठलाग करणाऱ्या टोळक्याला लाथांनी लोळवतात आणि कोंडीत सापडल्यावर काचेच्या तुकड्याने जीव देतात. मात्र आदल्याच वर्षीच्या ‘हॅपकिडो’त त्या मुख्य नायिका होत्या, त्यामुळे त्यांची केवळ सहअभिनेत्री म्हणून बोळवण करणे आम्हाला अन्यायाचे वाटते. पुढे पडदा सोडून त्या न्यूयॉर्कला स्थायिक झाल्या आणि तेथे उपाहारगृहाच्या व्यवसायात रमल्या.