'आस्का', 'मीला' आणि हात वर केलेलं अस्वल

तुम्ही विचारलंय, की 2000 नंतरची रशियन पोरं इंटरनेटवर अमेरिकेची नक्कलच करत होती का. मी 2003 ते 2009 व्होल्गोग्रादला मेडिकलला होतो. तिथे जे पाहिलं त्यावरून सांगतो: अजिबात नाही. साधनं बाहेरची, पण त्यांनी ती घरची करून टाकली.

नावंच बघा. आयसीक्यू या चॅटच्या प्रोग्रामला सगळे 'आस्का' म्हणत, म्हणजे आस्या नावाच्या मुलीला जवळिकीने हाक मारावी तसं. ईमेल म्हणजे 'मीला'. खरा अर्थ साबण, पण उच्चार मेलच्या जवळचा. पत्त्यातलं 'ॲट'चं चिन्ह म्हणजे 'सबाका', कुत्रा.

माझ्या एका मित्राकडे रात्री आई झोपली की फोनची वायर काढून मोडेमला लावायची. रात्रीचा दर स्वस्त. इंटरनेट कार्डावरचा पट्टा नाण्याने खरवडायचा, आकडे टाकायचे आणि मोडेमच्या किंचाळण्याने आई उठू नये म्हणून वर उशी दाबून धरायची. त्याचा आस्काचा नंबर, म्हणजे तिथली ओळख, नऊ आकडी होता. सहा आकडीवाल्यांना वेगळाच मान. असे नंबर विकले जायचे, चोरलेही जायचे.

पण खरी गंमत भाषेत होती. 2006 मध्ये अमेरिकन कलाकार जॉन ल्युरीचं एक चित्र तिथे तुफान पसरलं: गवतात जोडपं आणि समोर हात वर करून उभं अस्वल. मूळ चित्रात ते 'सरप्राइज!' म्हणतं, रशियन पोरांनी त्याच्या तोंडी 'प्रेवेद!' घातलं. शुद्ध शब्द 'प्रिव्येत', म्हणजे नमस्कार. तसंच 'आव्तोर'चं, म्हणजे लेखकाचं, 'आफ्तर' झालं. या चुका अडाणीपणाच्या नव्हेत. रशियनमध्ये आघात नसलेले स्वर पुसट होतात, शेवटचा द त-सारखा ऐकू येतो. म्हणजे लेखन चुकवलं तरी उच्चार जवळपास तोच. आपण 'किती' मुद्दाम 'कीती' लिहावं तसं. आणि हे करायला आधी शुद्धलेखन पक्कं लागतं, जे तिथल्या शाळा कसून घोटून घेतात.

ओलेग कुवायेवची मास्यान्या जरूर बघा. 2001 पासूनची पीटर्सबर्गची फ्लॅश कार्टून, काडीसारखे हातपाय, चिरका आवाज. शहराचा सूर तिच्यात पकडलाय.

त्या काळचं जुनं लिखाण वाचताना एखादा शब्द शब्दकोशात सापडला नाही, तर तो मोठ्याने वाचा. डोळ्यांना न कळलेलं कानाला लगेच कळतं.