लेकीचा मोबाइल आधी परत द्या

निपाणीहून एका वडिलांचं पत्र आलंय. मुलीला सेकंड पीयूसीला, म्हणजे कर्नाटकातल्या बारावीला, ८१ टक्के, नीटला मात्र कमी पडली. लातूरला रिपीटला पाठवायचं ठरलंय, पण ती डॉक्युमेंटरी करायची म्हणते. गल्लीत विड्या वळणाऱ्या बायकांचं शूटिंग करत बसते, म्हणून मोबाइल कपाटात कुलपात ठेवलाय. 'सायन्स घेऊन असले धंदे करायचे का? तुम्ही तिला समजवा.'

साहेब, मार्कांची मला काळजी नाही. 'आठवडाभर आमच्याबरोबर जेवायला बसत नाही' हे तुम्ही एका ओळीत लिहिलंत आणि लगेच क्लासच्या फीवर गेलात. पत्र त्या ओळीनं सुरू व्हायला हवं होतं. ती झोपत नसेल, जेवण तुटलं असेल, तर करिअर बाजूला ठेवा आणि आधी डॉक्टरांना दाखवा. तिचं मन वळवायचं काम मी करणार नाही. कुलूप तुम्ही लावलंय, ते तुम्हीच काढायचं.

आता 'सायन्स वाया गेलं' याबद्दल. चोकच्या ट्यूबलाइटखाली मोबाइलवर शूट केलं की चित्रात पट्टे सरकतात. आपली वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे ट्यूब सेकंदाला १०० वेळा मिणमिणते. कॅमेऱ्याचं शटर १/६० सेकंदावरून १/५० सेकंदावर आणलं की पट्टे थांबतात. हे फिजिक्स. तंबाखूतलं निकोटिन कातडीतूनही शरीरात जातं, हे केमिस्ट्री-बायोलॉजी. एखादी बाई खोकते, तिच्या खोकल्याला तंबाखूची धूळ कारण आहे, चुलीचा धूर आहे की टीबी, हे तपासल्याशिवाय फिल्ममध्ये म्हणायचं नाही. ही शिस्त सायन्सचीच. आणि विडीचं भिजवलेलं पान साच्यावर कापणाऱ्या कात्रीचा आवाज किती वेळ ऐकू द्यायचा, ही कला. एकाच माणसात दोन्ही लागतात. तुमच्या लेकीकडे निम्मं आधीच आहे.

वाटा थोडक्यात: एनआयडी या डिझाइनच्या संस्थेला बारावीनंतर प्रवेश परीक्षा देता येते, पुण्याच्या एफटीआयआयच्या फिल्म कोर्सला आणि दिल्लीच्या जामिया विद्यापीठाच्या मास कम्युनिकेशनच्या एमएला आधी पदवी लागते. माझं मत विचाराल तर बेळगाव किंवा कोल्हापुरात बीएस्सी, सोबत फिल्मचा सराव. पहिली काही वर्षं या कामात ठराविक पगार नसतो, म्हणून डिग्री हवीच. मराठी आणि कन्नड दोन्ही सफाईनं बोलत असेल तर इथल्या विषयांवर तिला दुभाषा लागणार नाही, हे लहान भांडवल नव्हे.

या महिन्यात तिनं सहा मिनिटांची एकच फिल्म पूर्ण करावी. कॉलर माईक तोंडापासून वीतभर खाली लावायचा, पंखा बंद. प्रत्येक घरात कुणीही न बोलता ३० सेकंद नुसता आवाज रेकॉर्ड करायचा. एडिटिंगमध्ये सांधे झाकायला तो लागतो, आणि नवखे हमखास तोच विसरतात. बायकांची परवानगी आधी घ्यायची. चेहरा दिसला आणि ठेकेदारानं पान-तंबाखू द्यायचं थांबवलं तर त्यांची मजुरी बुडते, म्हणून जी नको म्हणेल तिचे फक्त हात घ्यायचे. फिल्म तयार झाली की आधी त्यांनाच दाखवायची, त्या सांगतील ते कापायचं. त्या दिवशी तुम्हीही तिथं बसा.