रंगांचा तक्ता नको, पंथाला भांडण द्या

तुमचा प्रश्न असा: खान्देशात घडणाऱ्या कादंबरीसाठी तुम्ही प्रकाश आणि रंग यांवर उभा असलेला एक काल्पनिक पंथ रचताय, सात रंगांना सात गुण वाटून दिलेत, तरी पंथ पोकळ वाटतो. मी जळगावचा, दर्शनं, म्हणजे आपल्याकडच्या तत्त्वज्ञानाच्या शाखा, हौसेनं वाचणारा. माझ्या मते गडबड त्या वाटपातच आहे. लाल म्हणजे राग, पिवळा म्हणजे ज्ञान, हे जत्रेतला खडे विकणाराही सांगतो. दर्शन उभं राहतं ते वादावर. समोर 'हे खोटं आहे' म्हणणारा कोणीतरी हवा, आणि त्याचा मुद्दाही तेवढाच दमदार हवा.

आपल्याकडे रंगांवरून काय काय भांडणं झालीत बघा. तुमचे सात रंग इंद्रधनुष्याचे, म्हणजे न्यूटनच्या मोजणीचे. अन्नंभट्टाच्या तर्कसंग्रहातही, म्हणजे न्यायदर्शनाच्या सुरुवातीच्या अभ्यासाच्या पोथीतही, सातच आहेत, पण ते पांढरा, निळा, पिवळा, तांबडा, हिरवा, कपिश (तपकिरी) आणि सातवा 'चित्र'. हा सातवा फार मजेचा. रंगीबेरंगी धाग्यांनी विणलेलं लुगडं घ्या. प्रत्येक धाग्याला आपापला रंग आहे, पण अख्ख्या लुगड्याचा कोणता? कोणताच नाही म्हणावं, तर लुगडं दिसायलाच नको, कारण ज्याला रूप, म्हणजे रंग, नाही ते डोळ्यांना दिसत नाही असं नैयायिकांचंच, म्हणजे न्यायवाल्यांचंच, म्हणणं. वारा कुठे दिसतो? मग लुगड्याला स्वतःचा असा एक 'चित्र' रंग मानणं भाग पडलं.

मडक्याचंही तेच. कच्चं मडकं काळसर, आव्यातून निघालं की लाल. हा बदल झाला कुठे? वैशेषिक, म्हणजे परमाणू मानणारं न्यायाचं जोडीदार दर्शन, म्हणाले, आगीत मडकं परमाणूंपर्यंत सुटतं, परमाणू लाल होतात आणि मडकं पुन्हा जुळतं. नैयायिक म्हणाले, एवढा खटाटोप कशाला, अख्खं मडकंच भाजलं जातं. आणि अंधार? भाट्ट मीमांसकांच्या, म्हणजे कुमारिल भट्टाच्या परंपरेतल्या मीमांसकांच्या, लेखी तो द्रव्य, खरीखुरी वस्तू: काळा दिसतो, दिवा हलवला की सरकतो. न्यायवाल्यांच्या लेखी तो नुसता उजेडाचा अभाव. रंग असलेली वस्तू पाहायला उजेड लागतो, हा तर उजेड नसतानाच 'दिसतो'. तुमच्या पंथाला यातला कुठलाही प्रश्न आयता मिळतो.

आता खान्देश. इथला वैशाखातला उजेड वस्तू दाखवत नाही, झाकतो. भुसावळ-जळगावकडे पारा ४५च्या आसपास गेला की भरदुपारी काळी जमीन, धाब्याची घरं, बाभळी, सगळं एकाच पांढुरक्या रंगाचं होतं. रंग बघायचे तर दिवेलागणीच्या आधी बाहेर पडावं. म्हणून इथल्या पंथाचं पहिलं सूत्र 'प्रकाश म्हणजे ज्ञान' असूच नये, ते कोणालाही कुठेही सुचेल. 'अति उजेडात रंग मरतो' हे धरून बघा. लगेच अडचण उभी राहते: मग पूर्ण ज्ञानात भेद उरतो का? एक शाखा म्हणेल, भेद मिटणं हीच मुक्ती. दुसरी म्हणेल, त्याला आंधळेपण म्हणतात. इथून पुढची दोनशे पानं तुम्हाला कोणी सुचवायला नको.

दुसरी ठिणगी अजिंठ्याची. जळगावपासून साठेक किलोमीटर. तिथल्या चित्रांतले गेरू, पिवळी माती, हिरवी माती, काजळ हे हाताशी मिळणारे रंग. पाचव्या शतकातल्या चित्रांत मात्र निळा दिसतो, तो लाजवर्द दगडाचा, थेट अफगाणिस्तानाकडून आलेला. आपल्या मातीत न सापडणारा रंग मूळ रंगांत मोजायचा का? वरवर किरकोळ वाटेल, पण या वादात व्यापारी एका बाजूला आणि शेतकरी दुसऱ्या बाजूला उभे करता येतात.

आणि पैसा विसरू नका. चाळीसगावजवळच्या पाटणला भास्कराचार्यांचा नातू चांगदेव यानं आजोबांच्या ग्रंथांच्या अभ्यासासाठी मठ काढला होता. त्याच्या शिलालेखात शके ११२८चं दान आहे, आणि घाण्यांमागे पळी पळी तेल मठाला द्यावं असा मजकूर चक्क मराठीत आहे. गणित-ज्योतिषाचा अभ्यास असा तेल्याच्या घाण्यावर चालायचा. तुमचा पंथ तर प्रकाशाचाच. त्याचं तेल कोण देतं, आणि तेल देणाऱ्याचं मत अंधाराबद्दल काय आहे? दुष्काळात घाणे बंद पडले तर मठ काय शिकवील?

पोशाख, ध्वज, मंत्र वगैरे शेवटी बघा, ते आपोआप ठरतं.

काळ कोणता धरलाय तेवढं कळवा. यादवकाळ असेल तर रावेर-यावलची मैलोन्‌मैल केळी आधी काढून टाका, तो अलीकडचा पसारा आहे. कापूस खुशाल ठेवा.