जुनी कॅसेट, नवा डाव

या महिन्याच्या टपालात पोकेमॉनच्या जुन्या गेमवर (फायररेड, गोल्ड, एमरल्ड वगैरे) बरीच पत्रं आली. विषय जवळजवळ एकच: कपाट आवरताना गेम बॉय आणि कॅसेट सापडली, आता पहिल्यापासून खेळायचंय. म्हणून या खेपेचं सदर सगळं त्यालाच.

प्रश्न : मोठ्या भावाची फायररेड कॅसेट आहे. त्याचा खेळ पूर्ण झालाय, शंभराच्या वर तास दिसतात. त्याचं सगळं ठेवून मला माझा वेगळा खेळ सुरू करता येईल का? (अमळनेर)

उत्तर : नाही. या कॅसेटमध्ये एकाच खेळाडूचा खेळ राहतो. ‘न्यू गेम’ निवडल्याबरोबर काही पुसलं जात नाही, नुसतं खेळून बंद केलंत तरी भावाचा खेळ जागेवर असतो. पण तुम्ही पहिल्यांदा ‘सेव्ह’ केलंत की गेम विचारतो, आधीची वेगळी फाइल आहे, ती जाईल, चालेल का? तिथे ‘येस’ दाबलं की भावाचे शंभर तास गेले. परत आणायचा मार्ग नाही. ही पाटी घाईत न वाचता ए दाबत सुटणारेच जास्त, तेव्हा भावाला विचारूनच हात लावा.

पोकेमॉन वाचवायचे असतील तर दोन वाटा आहेत. पहिली म्हणजे दुसऱ्या कॅसेटवर ट्रेड, म्हणजे पोकेमॉनची अदलाबदल. त्यासाठी दोन गेम बॉय ॲडव्हान्स (एसपी चालेल), दोन कॅसेट आणि ॲडव्हान्सची लिंक केबल लागते. समोर फायररेड किंवा लीफग्रीनच असेल तर त्या खेळाडूला पोकेडेक्स (गेममधली पोकेमॉनची नोंदवही) मिळालेला असला की पुरे. समोर रुबी, सफायर किंवा एमरल्ड असेल तर भावाच्या फायररेडमध्ये एलिट फोर (शेवटचे चार तगडे प्रतिस्पर्धी) हरवून, ६० जाती पकडून नॅशनल डेक्स (मोठी नोंदवही) घेतलेला हवा आणि वन आयलंडवरचं यंत्र रुबी-सफायर रत्नं आणून सुरू केलेलं हवं. ते नसेल तर ट्रेड होणारच नाही.

ट्रेड एकास एक चालतो, हे लोक विसरतात. वीस पोकेमॉन पलीकडे न्यायचे तर पलीकडे वीस फालतू पोकेमॉन आधी पकडून ठेवावे लागतात. गवतातले रटाटा, पिजी काहीही चालतं. आणि निंटेंडो डीएसमध्ये ही कॅसेट बसते, खेळताही येतं, पण डीएसला लिंक केबलचं भोकच नाही. दोन डीएस समोरासमोर ठेवून ट्रेड होत नाही.

दुसरी वाट डीएसवाल्यांची. डायमंड, पर्ल, प्लॅटिनम, हार्टगोल्ड किंवा सोलसिल्व्हर असेल तर ‘पाल पार्क’मधून एका वेळी सहा पोकेमॉन नेता येतात. साधा डीएस किंवा डीएस लाइटच हवा, डीएसआयला खालची खाच नाही. डीएसच्या गेममध्ये नॅशनल डेक्स हवा आणि दोन्ही कॅसेटची भाषा एक हवी. डायमंड-पर्लमध्ये एका कॅसेटवरून चोवीस तासांत एकदाच नेता येतं. कट, सर्फसारख्या एचएम चाली (एरवी विसरता न येणाऱ्या) येणारा पोकेमॉन अडवला जातो. आधी फुशिया सिटीतल्या मूव्ह डिलीटरकडे जाऊन ती चाल विसरायला लावा. ही वाट एकेरी आहे. एकदा गेलेला पोकेमॉन फायररेडमध्ये परत येत नाही.

ट्रेड करून ठेवलेले पोकेमॉन नव्या खेळात परत आणलेत तर ते परके धरले जातात. खेळाडूचं नाव तेच ठेवलंत तरी आयडी नंबर बदलतो आणि गेम नंबरही तपासतो. परक्याला अनुभव दीडपट मिळतो, पण बिल्ला (गेममधल्या आखाड्यात, म्हणजे जिममध्ये, जिंकल्यावर मिळणारा) नसताना १० लेव्हलच्या वरचा पोकेमॉन ऐकत नाही. दुसऱ्या बिल्ल्यानंतर ३०, चौथ्यानंतर ५०, सहाव्यानंतर ७० आणि आठही मिळाले की सगळे ऐकतात. भावाचा १०० लेव्हलचा चॅरिझार्ड पहिल्याच जिममध्ये आणून बसवाल तर तो लढाईत झोपा काढेल.

प्रश्न : गोल्ड कॅसेट नव्याने सुरू केली. सेव्ह होतंय असं दिसतं, पण बंद करून परत लावलं की फक्त ‘न्यू गेम’ आणि ‘ऑप्शन’. कॅसेट खराब झाली का? (भुसावळ)

उत्तर : कॅसेट बरी आहे, आतला सेल संपलाय. गोल्ड, सिल्व्हर, क्रिस्टलमध्ये सेव्ह ज्या मेमरीत राहतं तिला कायम वीज लागते, आणि त्याच सेलवर गेममधलं दिवस-रात्रीचं घड्याळ अखंड चालतं. रेड-ब्लूपेक्षा यांचा सेल लवकर बसतो तो या घड्याळामुळे. जपानात हा गेम १९९९ साली आला. इतक्या वर्षांनी मूळ सेल टिकला असेल तर ते नवलच.

सेल सीआर२०२५, तीन व्होल्टचा. आकड्यातच माप आहे: व्यास २० मिमी, जाडी २.५ मिमी. घड्याळवाल्याकडे मिळणारा साधा सेल घेऊ नका. दोन्ही बाजूंना धातूच्या पट्ट्या जोडलेला, म्हणजे टॅबवाला सेल मागा. साध्या सेलला थेट सोल्डर लावला तर तो तापून फुगतो, फुटतोही. टेप लावून दाबून बसवणारे आहेत, पण कॅसेट खिशात हलली की सेल क्षणभर सुटतो आणि तेवढ्यात सेव्ह जातं. सीआर२०३२ जास्त चालतो हे खरं, पण तो ३.२ मिमी जाड, झाकण कधी कधी घट्ट होतं.

कॅसेटचा स्क्रू साध्या पेचकसाने उघडत नाही, ३.८ मिमीचा गेमबिट (खास पेचकसाचं टोक) लागतो. जळगावला गोलाणी मार्केटमधल्या मोबाइल दुरुस्तीवाल्यांपैकी ज्याचा सोल्डरिंगवर हात बसलाय त्याच्याकडून दोन मिनिटांचं काम आहे, मात्र बिट तुम्ही घेऊन जा. बोर्डवर अधिक-उणेची खूण असते, ती बघूनच जोडायला सांगा. सेल काढला की आत उरलंसुरलं सेव्हही जातं. तुमचं तसंही गेलंय. पण ज्यांचं अजून शाबूत आहे त्यांनी आधी कॅसेट रीडरने सेव्हची प्रत काढावी, मगच सेलला हात लावावा.

प्रश्न : एमरल्ड चालू करताना ‘इंटर्नल बॅटरी हॅज रन ड्राय’ अशी पाटी येते. नवीन खेळ सुरू करायचाय. सेल बदलला तर सेव्ह जाईल का? आधी काय करू? (धुळे)

उत्तर : जाणार नाही. रुबी, सफायर, एमरल्डमध्ये सेव्ह फ्लॅश चिपवर असतं, तिला सेल लागत नाही. सेल फक्त घड्याळासाठी. तो संपला की बेरीची झाडं वाढत नाहीत, शोल केव्हची भरती-ओहोटी थांबते, रोजची लॉटरी बदलत नाही. कथा मात्र शेवटपर्यंत खेळता येते.

आधी सेल, मग खेळ, हाच क्रम ठेवा. नवा सेल लागला की आतलं घड्याळ पहिल्यापासून मोजायला लागतं. जुन्या सेव्हमध्ये त्याच्या बऱ्याच पुढची वेळ नोंदलेली असते, त्यामुळे जुन्या खेळात बेरी तरीही अडून बसतात. नवा खेळ सेल बदलल्यानंतर सुरू केला की हिशेब सरळ लागतो. उलट केलंत तर पुन्हा पहिल्यापासून. सेल सीआर१६१६, टॅबवालाच. या कॅसेटचा स्क्रू तीन पाकळ्यांचा, ट्रायविंग.

याच पत्रात फायररेडच्या सेलचंही विचारलंय. फायररेड-लीफग्रीनमध्ये घड्याळ नाही, म्हणून सेलही नाही. रुबी-सफायरच्या सुरुवातीच्या कॅसेटमध्ये मात्र वेगळी गोम आहे: खेळ सुरू करून साधारण वर्ष झालं की सेल चांगला असूनही बेरी वाढायच्या थांबतात. फायररेड, लीफग्रीन किंवा एमरल्डला केबलने जोडलं की ती दुरुस्ती कॅसेटमध्ये उतरते.

प्रश्न : काका, मी चार्मांडर घेतला आणि ब्रॉककडे चार वेळा हरलो. मित्र म्हणतो बल्बासॉर घेऊन परत सुरू कर. आता काय करू भो? (इयत्ता सातवी, शिरपूर)

उत्तर : परत सुरू करायची काही गरज नाही. फायररेडमध्ये पहिल्या जिमचा प्रमुख ब्रॉक, त्याच्याकडे दोनच पोकेमॉन आहेत: १२ लेव्हलचा जिओडूड आणि १४ लेव्हलचा ऑनिक्स. बल्बासॉरला दहाव्या लेव्हलला वाइन व्हिप येते, स्क्वर्टलला सातव्याला बबल, म्हणून त्यांचं सोपं जातं. तुला थोडं फिरावं लागेल.

विरिडियन सिटीतून पश्चिमेला रूट २२ वर जा. तिथल्या गवतात मँकी भरपूर निघतो. सहाव्या लेव्हलला त्याला लो किक येते. या पिढीत लो किकचा जोर समोरच्याच्या वजनावर ठरतो. ऑनिक्स २१० किलोचा, म्हणून जोर पूर्ण १२०. त्यात मँकी स्वतः फायटिंग जातीचा म्हणून दीडपट, दगडावर फायटिंग दुप्पट. मँकी १२ लेव्हलपर्यंत वाढव, एक-दोन लाथांत ऑनिक्स आडवा. जिओडूड २० किलोचाच, तिथे जोर ४० वर येतो, त्याला जरा जास्त लाथा लागतील.

चार्मांडरनेच जिंकायचं असेल तर १३ व्या लेव्हलला मेटल क्लॉ येईपर्यंत थांब. आणि एम्बर अगदीच वाया नाही. ऑनिक्सचा साधा बचाव १६० आहे, पण स्पेशल बचाव फक्त ४५, आणि एम्बर त्या दुसऱ्याला लागते. आग अर्धी लागूनही नखांपेक्षा थोडीच कमी पडते, स्क्रॅचपेक्षा तर कितीतरी बरी. कॅटरपीपासून बटरफ्री करून दहाव्या लेव्हलच्या कन्फ्युजनने मारायचा सल्ला तुला कोणीतरी देईल. जिओडूडपर्यंत ठीक. ऑनिक्सची रॉक टुंब बटरफ्रीला चौपट लागते, एक बसली की खेळ खलास. शंभरातली वीस वेळा ती चुकते, पण तेवढ्या भरवशावर कोणी जिम लढवतं का?

प्रश्न : बाजारातून एमरल्ड घेतली. सगळं नीट चालतं, एलिट फोर हरवलं आणि दुसऱ्या दिवशी सेव्ह गायब. पुन्हा सुरू केलं, पुन्हा तेच. (चोपडा)

उत्तर : कॅसेट नकली असण्याची शक्यता दाट आहे. तिसऱ्यांदा सुरू करायच्या आधी तपासा. अस्सल एमरल्डचं कवच हिरवं पण आरपार दिसणारं असतं, वरच्या बाजूने आतला सेल दिसतो. लेबल उजेडात तिरकं धरलं की त्यात दाबून उमटवलेले दोन आकडे दिसतात. खालच्या खाचेतून बघितलं तर सोनेरी पट्ट्यांच्या वर बोर्डवर ‘निंटेंडो’ छापलेलं असतं.

नेमकं शेवटीच का बिघडतं? अस्सल फ्लॅश चिप १२८ केबीची, ३२ कप्प्यांची. १४ कप्प्यांत खेळाची एक प्रत, पुढच्या १४ त दुसरी. सेव्ह आलटून-पालटून होतं, म्हणून मधेच वीज गेली तरी ‘सेव्ह फाइल करप्टेड’ सांगून गेम आधीची प्रत उघडतो. एलिट फोर जिंकल्यावरची हॉल ऑफ फेमची नोंद या दोन्हींच्या बाहेर, वेगळ्या कप्प्यांत लिहिली जाते. नकली कॅसेटमध्ये बहुधा ही चिप नसते, स्वस्त मेमरीवर जुळवाजुळव केलेली असते, आणि तिथे हात घातला की सगळंच कोसळतं. याला दुरुस्ती नाही. विकणाऱ्याने बदलून दिली तर घ्या. तोवर खेळायचीच असेल तर एलिट फोरच्या दारात थांबा, बाकी होएन (एमरल्डमधला प्रदेश) फिरायला मोकळं आहे.

प्रश्न : पहिला पोकेमॉन चांगल्या स्वभावाचा मिळेपर्यंत परत परत सुरू करतो, पण एमरल्डमध्ये दर वेळी तसाच येतो. असं का? (शहादा)

उत्तर : एमरल्डमध्ये वीज दिल्यावर किंवा ए, बी, स्टार्ट, सिलेक्ट एकदम दाबून रीसेट केल्यावर स्वभाव ठरवणाऱ्या आकड्यांची साखळी दर वेळी त्याच जागेवरून सुरू होते. तुम्ही त्याच लयीत बटणं दाबता, म्हणून तोच येतो. पहिला पोकेमॉन ज्यातून निवडता त्या पिशवीसमोर सेव्ह करा आणि दर खेपेला थांबायचा वेळ बदला, कधी पाच सेकंद, कधी वीस. स्वभाव एकूण २५, त्यातले ५ काहीच वाढवत-घटवत नाहीत, बाकीचे एक गुण दहा टक्के चढवतात आणि एक तेवढाच उतरवतात. पहिल्या जिमपर्यंत हा फरक एखाद्या गुणाचाच असतो. दोन तास त्यात घालवावेत असं आम्हाला वाटत नाही.

प्रश्न : कॅसेट भाच्याला द्यायचीय. जुनं सगळं पुसून कसं देऊ? आणि उन्हाळ्यात ठेवायची कुठे? (रावेर)

उत्तर : शीर्षकाचं चित्र आलं की दिशाबटणाची वरची बाजू, सिलेक्ट आणि बी एकत्र दाबा. पुसायचं का म्हणून विचारतो, पडद्यावरचा बाण आधी ‘नो’वर असतो, तो ‘येस’वर न्या. पट्ट्या मळल्या असतील तर फुंकर मारू नका, थुंकीची वाफ गंज धरते. कापसाच्या काडीवर आयसोप्रोपिल अल्कोहोल घेऊन पुसा आणि दहा मिनिटं सुकू द्या. मे महिन्यात पत्र्याखालच्या माळ्यावर ठेवू नका, धाब्याच्या खोलीतलं कपाट बरं. आणि एसपीची आतली बॅटरी फुगून मागचं झाकण उचललेलं दिसलं तर चार्जिंगला लावू नका, आधी ती बदला.