फासकीचा गुन्हा पैसे भरून मिटतो का?

प्रश्न : माझ्या चुलतभावाने काजूच्या बागेच्या वईला (कुंपणाला) क्लच वायरची फासकी लावली होती. तीत अडकून रानडुक्कर मेले. वनखात्याने पंचनामा करून वायर आणि त्याची मोटारसायकल जप्त केली. आता गावातील एक मध्यस्थ म्हणतो की, रोख रक्कम दिली की प्रकरण तिथेच मिटेल. हे खरे आहे का?
– एक वाचक, रत्नागिरी जिल्हा

उत्तर : प्रकरण मिटू शकते, पण मध्यस्थाच्या हातून नव्हे. वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ च्या कलम ५४ नुसार तडजोडीचा, म्हणजे रक्कम घेऊन गुन्हा मिटवण्याचा, अधिकार शासनाने प्राधिकृत केलेल्या मुख्य वन्यजीव रक्षकाला किंवा किमान उपवनसंरक्षक दर्जाच्या अधिकाऱ्यालाच असतो. वनरक्षक, वनपाल किंवा वनपरिक्षेत्र अधिकारी यांना तो नाही. रक्कम स्वीकारली गेली की पुढील कारवाई थांबते आणि संशयित अटकेत असल्यास त्याची सुटका होते. मात्र तडजोड मागणे हा आपल्या भावाचा हक्क नाही, ती मान्य करणे अधिकाऱ्याच्या मर्जीवर आहे. शिवाय पूर्वी २५,००० रुपये असलेली या रकमेची कमाल मर्यादा २०२२ च्या दुरुस्तीने ५ लाखांवर गेली आहे, हेही ध्यानात ठेवावे.

ज्या गुन्ह्याला कलम ५१ मध्ये किमान कारावास ठरवून दिला आहे, त्यात तडजोड होतच नाही. असा किमान कारावास कायद्याच्या अनुसूची १ मधील, म्हणजे सर्वाधिक संरक्षण असलेल्या प्राण्यांच्या यादीतील, प्राण्यांसाठी आणि अभयारण्यातील शिकारीसाठी आहे. रानडुक्कर अनुसूची २ मध्ये असल्याने, घटना अभयारण्याबाहेरची असेल तर आपल्या भावाला ही वाट मोकळी आहे. त्याच वायरीत बिबट्या सापडला असता तर ती बंद झाली असती. कोकणात असे बिबटे वारंवार अडकतात आणि सुटण्यासाठी जितकी धडपड करतात, तितकी वायर कमरेत रुतत जाते. बिबट्या अनुसूची १ मधला, म्हणून शिक्षा किमान ३ वर्षे. वेळास-आंजर्ल्याच्या किनाऱ्यावर ऑलिव्ह रिडले कासवांची अंडी काढणाऱ्यालाही हेच लागू पडते, कारण ही कासवेही अनुसूची १ मधली आणि सरपटणाऱ्या प्राण्यांच्या अंड्यांना इजा करणे कायद्याच्या भाषेत शिकारच आहे.

मोटारसायकलीबाबत सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये स्पष्ट केले आहे की, तडजोड करणारा अधिकारी जप्त वाहन सरकारजमा करण्याचा आदेश देऊ शकत नाही. तेव्हा भावाने उपवनसंरक्षकांकडे लेखी अर्ज करावा, आदेशाची प्रत आणि भरलेल्या रकमेची पावती घ्यावी व त्यानंतर वाहन परत मागावे. मध्यस्थाला एक रुपयाही देऊ नये.

वईला आणखी फासक्या असतील तर त्या कृपा करून आजच काढाव्यात. डुकरांनी केलेल्या नुकसानीसाठी वनखात्याकडे भरपाईचा अर्ज करता येतो. त्यासाठी नासधूस दिसताच, ती आवरण्याआधी, पंचनामा करून घ्यावा.