‘आम्ही धुळ्यात गेलो’ आणि मतदारसंघातला ‘संघ’

मालेगाव तालुक्यातल्या एका ताईंनी विचारलंय : “आमचे नाना अजूनही म्हणतात, ‘आपण धुळ्यात गेलो.’ बदलला तो फक्त लोकसभेचा मतदारसंघ. गाव जागेवर, तालुका मालेगाव, जिल्हा नाशिक. मग ‘गेलो’ हे बरोबर मराठी आहे का? आणि मतदारसंघ म्हणजे एक भूभागच, तर त्यात ‘संघ’ कशाला? ‘मतदार क्षेत्र’ का नाही?”

ताई, नाना अगदी बरोबर बोलतात. त्यांचं म्हणणं तुमच्या दुसऱ्या प्रश्नातून उलगडतं, म्हणून आधी तो घेतो.

‘मतदार’ यात मत संस्कृत आणि दार फारसी. दुकान ज्याचं तो दुकानदार, तसं मत ज्याचं तो मतदार. हिंदीतला ‘मतदाता’ मत देणारा असतो. आपला मतदार मतदानाला गेला नाही तरी मतदारच राहतो, कारण मत त्याच्या मालकीचं आहे. मला हा शब्द फार मोलाचा वाटतो. अशा मतदारांचा मिळून जो संघ, तो मतदारसंघ. समास आहे, तेव्हा जोडूनच लिहावा. हिंदीत ‘निर्वाचन क्षेत्र’ म्हणतात, त्यात नजर जमिनीवर असते, मराठीत माणसांवर. विधान परिषदेचा नाशिक विभाग शिक्षक मतदारसंघ पाच जिल्ह्यांत पसरलाय, आणि नेमक्या त्याच पाच जिल्ह्यांत पदवीधर मतदारसंघही आहे. एकाच घरात सासूबाईंचं नाव दोन्हींत नाही आणि शिक्षिका असलेल्या सुनेचं दोन्हींत, असं होऊ शकतं. जमीन एकच, संघ दोन. ‘क्षेत्र’ म्हटलं की ही गोष्ट नीट सांगताच येत नाही.

आता ‘गेलो’. २००४ च्या निवडणुकीपर्यंत लोकसभेचा मालेगाव हा स्वतंत्र, अनुसूचित जमातींसाठी राखीव मतदारसंघ होता. २००८ च्या पुनर्रचनेत तो संपला. २००९ पासून जिल्ह्यात राखीव जागा दिंडोरीची झाली आणि मालेगाव मध्य, मालेगाव बाह्य, बागलाण हे विधानसभेचे तीन मतदारसंघ धुळे लोकसभेला जोडले गेले. त्यांचे क्रमांक पाहिले तर हा सांधा उघडा दिसतो : धुळे ग्रामीण ६, धुळे शहर ७, शिंदखेडा ८, आणि मग एकदम ११४, ११५, ११६.

अशा वेळी मराठी माणूस ‘जाणे’ हेच क्रियापद वापरतो, आणि ते जुनं आहे. वाटणीत मळा धाकट्याकडे ‘गेला’ म्हणतो तेव्हा मळा हलत नाही. १९६० साली आपल्या सुरगाण्याला लागून असलेला डांग गुजरातेत ‘गेला’, तोही जागेवरच आहे. नानांच्या वाक्यात तर गाव गेलं नाहीच, ‘आपण’ गेलो. संघ माणसांचा, तेव्हा जाणार माणसंच. ‘आम्हाला धुळ्याला जोडलं’ म्हटलं की जोडणारा कुणीतरी दुसरा उभा राहतो. ‘टाकलं’ म्हटलं की राग कळतो. ‘गेलो’मध्ये घर बदलल्याची भावना आहे, आणि इतक्या वर्षांनीही ती टिकलीय हे मला महत्त्वाचं वाटतं.

त्याच पुनर्रचनेत दाभाडी आणि सुरगाणा ही विधानसभेची नावंही गेली. दादा भुसे २००४ मध्ये दाभाडीतून निवडून आले होते, २००९ मध्ये मालेगाव बाह्यमधून. सुरगाण्यातून निवडून येणारे जिवा पांडू गावित २०१४ मध्ये कळवणमधून विधानसभेवर गेले. दोन्ही गावं नांदती आहेत, पण गावाचं नाव मतदारसंघाला असणं वेगळं. ‘दाभाडीचा आमदार’ म्हटल्यावर एक गाव डोळ्यांसमोर यायचं. ‘बाह्यचा आमदार’मध्ये काय येणार? बागलाणचं उलट झालं : तालुक्याचं ठिकाण सटाणा, बोलण्यातही सटाणाच जास्त, पण मतदारसंघाने जुन्या मुलखाचं नाव जपलं.

मतदारसंघांच्या ‘पूर्व’, ‘मध्य’ अशा नावांनी व्याकरणातही एक नवी गोष्ट आणली. गावाच्या नावाचं सामान्यरूप होतं : येवला, येवल्यात, सुरगाणा, सुरगाण्यात. मी पंचवटीत राहतो. पूर्वी आमचा मतदारसंघ नुसता ‘नाशिक’ होता, आता चिठ्ठीवर ‘१२३ नाशिक पूर्व’ असतं. त्याचं ‘नाशिक पूर्वेत’ कुणी करत नाही, ‘नाशिक पूर्वमध्ये’ म्हणतात, आणि ते योग्यच आहे. ‘पूर्वेत’ म्हणजे दिशा झाली, ‘पूर्वमध्ये’ म्हणजे त्या नावाचा मतदारसंघ. पूर्व आता विशेषनाम झालंय, म्हणून ते तसंच ठेवायचं. अडचण येते ती फक्त शेजारच्यांची. ‘नाशिक मध्यमध्ये’ कानाला खटकतं. तिथे सरळ ‘नाशिक मध्य मतदारसंघात’ लिहावं.